परक्या घरचे वस्त्र



जपानहून आम्ही परत येण्यापूर्वीच आमचे छायाचित्र गावात येऊन पोहोचले होते. पूर्वी प्रवासी घरी येई आणि त्याच्या हकीगती मागाहून पसरत. मोबाइलच्या कृपेने आता हा क्रम उलटला आहे. त्या छायाचित्रात आम्ही गडद निळ्या रंगाचा जपानी किमोनो परिधान करून, कमरेस पट्टा आवळून, क्योतो शहरातील दगडी पायऱ्यांच्या एका उतारावर उभे आहोत. रविवारची मिस्सा आटोपून आम्ही देवळाच्या पडवीत येतो न येतो तोच आमच्या धर्मग्रामातील एका वयोवृद्ध माउलीने आम्हास गाठले आणि विचारले, "फादर, तुम्ही यात्रेला गेला होता की नाटकाला?"

भोवतालची मंडळी हसली. आम्हीही हसलो; परंतु घरी आल्यावर तो प्रश्न काही आमची पाठ सोडीना. दुसऱ्याचा वेष अंगावर चढविणे हे सोंग आहे की आदर? परदेशातील एखाद्या जुन्या पेठेत तेथल्याच लोकांच्या पोशाखात हिंडणे हा आज हजारो प्रवाशांचा छंद झाला आहे. त्यात वावगे काय आणि चांगले काय? त्या माउलीस पडवीत उभ्या उभ्या जे उत्तर देता आले नाही, ते आज येथे देण्याचा यत्न करीत आहोत.

हकीगत अशी. गेल्या नोव्हेंबरात गोव्यातील व आमच्या सीमाभागातील मिळून नऊ यात्रेकरू नागासाकीच्या हुतात्म्यांच्या टेकडीचे दर्शन घेण्यास निघालो होतो. वाटेत क्योतो येथे एका दिवसाचा मुक्काम होता. इ. स. ७९४ पासून १८६८ पर्यंत, म्हणजे हजार वर्षांहून अधिक काळ, हे शहर जपानच्या सम्राटांची राजधानी होते. शहराच्या पूर्वेस डोंगरांची रांग आहे. तिच्या पायथ्याशी वसलेल्या भागास हिगाशियामा, म्हणजे 'पूर्वेचा डोंगर', असेच नाव आहे. लाकडी जाळ्यांच्या दर्शनी भिंती असलेली बैठी घरे, त्यांच्यामधून चढत जाणाऱ्या फरसबंदी गल्ल्या आणि मधूनच डोकावणारी मंदिरांची छपरे असा हा परिसर. येथे पारंपरिक पेहराव भाड्याने देणारी दुकाने पावलोपावली आहेत. सकाळी वस्त्र घ्यावे, दिवसभर हिंडावे आणि संध्याकाळी परत करावे, असा तेथील रिवाज आहे.

आमच्याबरोबर कॉलेजात शिकणाऱ्या दोन मुली होत्या. किमोनो नेसण्याचा त्यांनी हट्टच धरला. आम्ही प्रथम साफ नकार दिला. तेव्हा त्यांतील एक म्हणाली, "फादर, तुम्ही नाही म्हणालात तर आमचे आईवडीलही नाहीच म्हणतील." एवढ्यावर आमचा निश्चय डळमळला, हे कबूल केले पाहिजे. तरीही आम्ही दुकानातील वृद्ध बाईंस वाटाड्यामार्फत विचारले की, परक्यांनी तुमचे वस्त्र ल्यालेले तुम्हास खटकत नाही काय? बाई हसल्या व म्हणाल्या, "कापड फडताळात पडून राहिले, तर त्याला कसर लागते. मात्र नेसायचे, तर नीट नेसून घ्या." हे 'नीट' म्हणजे काय, ते पुढील पाऊण तासात आम्हास कळले.

किमोनो म्हणजे झगा, अशी आपल्याकडे समजूत आहे. ती बरोबर नव्हे. त्याचे कापड सुमारे सव्वा फूट रुंद आणि चाळीस फूट लांब अशा एकाच पट्टीचे विणलेले असते. ती पट्टी आठ सरळ तुकड्यांत कापतात आणि सरळ टाक्यांनी जोडतात. वळणे कापायची नसल्यामुळे चिंध्या निघत नाहीत. अंगापेक्षा जास्त असलेले कापड शिवणीत दुमडून ठेवतात. जुन्या काळी वस्त्र मळले, म्हणजे टाके उसवून तुकडे पुन्हा पट्टीसारखे जोडीत, धुऊन ताणून वाळवीत आणि नव्याने शिवीत. आईचे वस्त्र उसवून लेकीच्या मापाने पुन्हा उभे करता येई. हे ऐकताना आम्हास आपल्या गावची आठवण झाली. आपले नऊवारी लुगडेही कात्रीवाचून अंगाशी जमते. थोरल्या जावेस होते तसे धाकटीसही होते. आणि विरले, म्हणजे त्याची गोधडी होऊन नातवंडांच्या अंगावर येते. क्योतोच्या निशिजिन पेठेत विणकरांचे माग आहेत, तसेच आपल्या बेळगावच्या शहापूर-वडगावातही आहेत. कापड वाया घालवू नये, ही शिकवण दोन्ही देशांतील गरीब घरांनी कोणत्याही ग्रंथावाचून आत्मसात केली होती.

आता नेसण्याची रीत पाहा. पायांत अंगठा वेगळा असलेले पांढरे मोजे, अंगावर आतले पातळ वस्त्र, त्यावर किमोनो. पुरुषांचा पट्टा अरुंद असतो व तो कमरेखाली बांधतात. स्त्रियांचा पट्टा चांगला वीतभर रुंद व बारा-चौदा फूट लांब असून तो छातीखालून गुंडाळून पाठीवर त्याची गाठ घालतात. मुलींच्या कमरेभोवती त्या बाईंनी प्रथम पंचासारखे कापड गुंडाळून शरीर सरळ खांबासारखे केले. मग एकामागून एक दोऱ्या आवळल्या. न गुंडी, न टाचणी; सारा भार घड्यांवर आणि गाठींवर.

आमच्यातील एका तरुणाने पलीकडे आपला किमोनो स्वतःच नेसून पाहिला आणि मोठ्या ऐटीत बाहेर आला. त्यास पाहताच त्या बाई अक्षरशः धावल्या आणि त्याची वस्त्रे सोडून पुन्हा बांधू लागल्या. त्याने डावी बाजू आत व उजवी बाजू वर घेतली होती. जपानात जिवंत माणसाची डावी बाजू नेहमी वर असते. उजवी बाजू वर घेतात ती केवळ मृतदेहास अंत्यसंस्कारासाठी सजविताना. आमचा तरुण प्रेताचा वेष करून रस्त्यावर निघाला होता! सारेजण हसले, बाई मात्र हसल्या नाहीत. परक्याच्या वस्त्रास अर्थ असतो आणि तो विचारल्यावाचून कळत नाही, हा त्या दिवसाचा पहिला धडा.

दुसरा धडा चालण्याचा. किमोनोत लांब टांग टाकता येत नाही. पायरी चढताना हाताने वस्त्राची कड उचलावी लागते. वाकावे तर कमरेतून सरळ वाकावे लागते. बसल्यावर पाठ टेकून पसरता येत नाही. आम्ही घाईचे मनुष्य आहोत, हे आमच्या धर्मग्रामात सर्वांस ठाऊक आहे. त्या दिवशी वस्त्रानेच आम्हास हळू चालावयास लावले. हळू चालल्यामुळे दिसले किती! यासाका येथील पाच मजली लाकडी मनोरा दिसला. तो सुमारे ४६ मीटर उंच असून इ. स. १४४० मध्ये पुन्हा बांधलेला आहे. त्याच्या पायथ्याशी कुंभारकामाची व पंख्यांची दुकाने दिसली. पुढे सान्नेनझाका नावाचा दगडी पायऱ्यांचा चढ लागला. येथे जो घसरून पडतो तो तीन वर्षांत मरतो, अशी तेथील लोकांत जुनी समजूत आहे. आम्ही अशा समजुती मानीत नाही. तथापि त्या पायऱ्या आम्ही फारच सावकाश चढलो, हेही खरे.

या गल्ल्या अशाच्या अशा राहिल्या, त्या आपोआप राहिल्या नाहीत. जपानने १९७५ साली आपल्या सांस्कृतिक वारशाच्या कायद्यात दुरुस्ती करून एकेकट्या इमारतीऐवजी सबंध वस्त्या जतन करण्याची सोय केली. आणि १९७६ मध्ये सान्नेनझाकाचा परिसर व गिओन भागातील शिम्बाशी हे दोन्ही त्या यादीत घेण्यात आले. तेव्हापासून तेथील घरमालकास दर्शनी बाजू आपल्या मर्जीप्रमाणे बदलता येत नाही. दुरुस्तीस सरकारी साहाय्य मिळते. पण बंधन ते बंधनच. आपण प्रवासी ज्या देखण्या गल्लीचे कौतुक करतो, ती कोणाच्या तरी पन्नास वर्षांच्या संयमावर उभी आहे. ही गोष्ट आम्ही सकाळी ऐकली आणि दुपारी विसरलो. ती कशी, ते पुढे येईलच.

चढाच्या टोकाशी कियोमिझु नावाचे बौद्ध मंदिर आहे. त्याचा आजचा मुख्य मंडप १६३३ सालचा. डोंगराच्या उतारावर प्रचंड लाकडी खांब उभारून त्यावर सुमारे १३ मीटर उंचीचा सज्जा काढलेला आहे. खिळ्यावाचून, खाचांत खाचा बसवून तो सांधलेला आहे. एखादा मनुष्य छाती करून मोठा निर्णय घेतो, तेव्हा जपानी लोक म्हणतात की, तो कियोमिझुच्या सज्ज्यावरून उडी मारीत आहे. खाली मेपलची झाडे तांबडीलाल झाली होती. भाविक आपल्या रीतीने प्रार्थना करीत होते. आम्ही बाजूस स्तब्ध उभे राहिलो. अन्य धर्मांत जे सत्य व पवित्र आहे ते ख्रिस्तसभा अव्हेरीत नाही, असे दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली जाहीर केलेले आहे. ते वाचणे निराळे आणि परक्या प्रार्थनास्थळी तोंड मिटून उभे राहणे निराळे. दुसरे अधिक अवघड आहे.

दुपारी आम्ही उतरून गिओन या वस्तीत आलो. गायन, नृत्य व आदरातिथ्य यांची कला वर्षानुवर्षे शिकून तीवर उपजीविका करणाऱ्या स्त्रियांची ही वस्ती. क्योतोत त्यांस गेइको म्हणतात आणि शिकाऊ मुलींस माइको. चेहऱ्यास पांढरा लेप लावलेल्या या मुली संध्याकाळी आपल्या कामावर निघतात, तेव्हा प्रवाशांची झुंबड त्यांच्या मागे धावते. कोणी वाट अडवितो, कोणी बाही ओढतो. या जाचास कंटाळून २०१९ मध्ये तेथील रहिवाशांनी खाजगी गल्ल्यांत छायाचित्रे काढण्यास मनाई केली व १०,००० येन दंडाच्या पाट्या लावल्या. तेवढ्याने भागेना, म्हणून २०२४ साली काही खाजगी गल्ल्या प्रवाशांस बंदच केल्या. त्या एका वर्षात जपानला भेट देणाऱ्या परदेशी लोकांची संख्या ३ कोटी ६८ लाखांवर गेली होती, हे लक्षात घेतले म्हणजे त्या लोकांचा त्रागा समजतो.

अशा एका गल्लीच्या तोंडाशी आम्ही पोहोचलो. पाटी स्पष्ट होती. चित्रही काढलेले होते. आत ऊन तिरपे पडले होते आणि एका दारावर कागदी कंदील टांगलेला होता. आमच्यातील एका गृहस्थांस मोह आवरला नाही. ते दहा पावले आत गेले आणि त्यांनी मोबाइल उचलला. आम्ही त्यांस हाक मारावयास हवी होती. आम्ही मारली नाही. उलट छायाचित्र चांगले येईल, असा विचार आमच्याही मनात येऊन गेला. इतक्यात त्या दारातून एक वृद्धा केरसुणी घेऊन बाहेर आली. तिने आमच्या किमोनोंकडे पाहिले, मग पाटीकडे पाहिले. ती रागावली नाही. तिने आम्हास किंचित वाकून नमस्कार केला, दार ओढून घेतले आणि आतून कडी लावली.

वाचकहो, त्या कडीचा आवाज आमच्या कानांत अद्याप आहे. सकाळपासून वस्त्राच्या प्रत्येक घडीकडे आम्ही लक्ष दिले होते. डावी बाजू वर होती, पट्टा जागच्या जागी होता. पण वस्त्र ज्यांचे, त्यांच्या उंबऱ्याचा मान आम्ही राखला नाही. त्या क्षणी आमचा सारा पेहराव खरोखरच नाटकाचा झाला. त्या माउलीने पडवीत विचारलेला प्रश्न आम्हास तेथेच कोणी विचारला असता, तर आम्हास मान खाली घालावी लागली असती.

परक्यांच्या देशात कोणता वेष घालावा, हा प्रश्न ख्रिस्ती माणसास नवा नाही. याच शहरी १५५१ च्या जानेवारीत संत फ्रान्सिस झेवियर आले होते. १५४९ मध्ये गोव्याहून निघून ते जपानात उतरले आणि भर हिवाळ्यात बर्फातून पायी चालत राजधानीस पोहोचले. अंगावरचे कपडे फाटके. सम्राटाची भेट घ्यावी ही इच्छा. पण कोणी दाद लागू दिली नाही. युद्धांनी शहर उद्ध्वस्त झाले होते. अवघ्या अकरा दिवसांत ते परत फिरले. यामागुची येथील सरदारासमोर ते पूर्वी एकदा अशाच दरिद्री वेषात उभे राहिले होते. आता ते पुन्हा गेले, ते चांगली वस्त्रे परिधान करून, हिंदुस्थानच्या पोर्तुगीज गव्हर्नरची व गोव्याच्या बिशपांची पत्रे आणि घड्याळासारख्या भेटी घेऊन. या वेळी त्यांस उपदेशाची मोकळीक मिळाली आणि राहावयास एक रिकामे मंदिरही मिळाले. झेवियरांस मानाची हाव सुटली होती, असे कोण म्हणेल? यजमानाच्या देशात फाटका वेष हा नम्रतेचा नव्हे, तर बेपर्वाईचा ठरतो, हे त्यांस उमगले, इतकेच. पुढे १५७९ मध्ये जपानात आलेल्या येशूसंघीय फादर व्हालिन्यानो यांनी तर आपल्या धर्मगुरूंसाठी जपानी रीतिरिवाजांचे नियमच लिहून काढले. बसावे कसे, पाहुण्याचे स्वागत करावे कसे, निरोप घ्यावा कसा, याचा त्यात बारकाईने विचार केलेला आहे. वस्त्रापेक्षा वागणे महत्त्वाचे, हे त्यांनी चांगलेच ओळखले होते.

आणि याच शहरी आपल्या वसईचे सुपुत्र संत गोन्सालो गार्सिया हिंडले. ते फ्रान्सिस्कन बंधू होते. त्यांनी आपला जाडाभरडा झगा बदलला नाही. परंतु त्यांस जपानी भाषा उत्तम येत होती. तेच आपल्या सोबत्यांचे दुभाषी होते. या फ्रान्सिस्कनांनी क्योतोत गरिबांसाठी व कुष्ठरोग्यांसाठी रुग्णालये चालविली. झेवियरांनी वेष बदलला, गोन्सालोंनी बदलला नाही. पण दोघेही त्या लोकांकडे पाहावयास नव्हे, तर त्यांच्यासाठी आले होते.

पाच वाजता आम्ही वस्त्रे परत केली. त्या बाईंनी प्रत्येक घडी सरळ करून किमोनो मिटला. गल्लीत घडलेला प्रकार आम्ही त्यांस सांगितला. त्या क्षणभर थांबल्या व म्हणाल्या, "उद्या येणाऱ्यांना तुम्ही सांगा." मग आपल्या नेहमीच्या कपड्यांत आम्ही शहराच्या दुसऱ्या बाजूस, होरिकावा ओढ्यावरील मोदोरिबाशी नावाच्या लहानशा पुलापाशी गेलो. त्या नावाचा अर्थ 'परतीचा पूल'. १५९७ च्या जानेवारीत संत गोन्सालो व त्यांचे सोबती यांच्या डाव्या कानाचा तुकडा येथे कापण्यात आला, अशी परंपरा आहे. मग त्यांस गाड्यांतून रस्तोरस्ती फिरविण्यात आले आणि कडाक्याच्या थंडीत नागासाकीपर्यंत नेण्यात आले. ५ फेब्रुवारी १५९७ रोजी एकंदर सव्वीस जणांस तेथे क्रुसावर मारण्यात आले. त्या दिवशीही क्योतोच्या रस्त्यांवर बघ्यांची गर्दी झाली असेलच. दिवसभर आम्हीही त्याच शहरात बघे होतो. पुलावर आम्ही एक 'आमच्या बापा' म्हटली. जाणारे-येणारे सायकलस्वार आमच्याकडे न पाहता निघून गेले, आणि त्याबद्दल आम्हास बरे वाटले.

आता आपल्या दाराशी येऊ. पणजीच्या फोंताइन्हस वाड्यात रंगीत घरांसमोर उभे राहून छायाचित्रे काढणाऱ्यांमुळे रहिवासी त्रासले आहेत. तेथेही दारोदारी मनाईच्या पाट्या लागल्या आहेत. उद्या आपल्या गावच्या सणात, आपल्या लग्नाच्या मांडवात अशी मंडळी येतील. आपल्या मुलीसुनांची नऊवारी नेसून पाहावी, असे त्यांच्यापैकी कोणास वाटेल. त्यांस हुसकून लावू नये. त्या जपानी बाईंप्रमाणे 'नीट नेसा' असे सांगावे. पण नीट नेसविणारे हात आपल्या घरी आहेत काय? आज आपल्या कित्येक मुली लग्नात शिवलेली नऊवारी विकत आणतात, कारण काष्टा घालण्यास शिकविणारी आजी जवळ असूनही तिला कोणी विचारीत नाही. जपानातही हेच झाले. १८७२ साली सरकारने दरबारी समारंभांस पाश्चात्त्य पोशाख ठरविला, तेव्हापासून हळूहळू किमोनो सणावारापुरता उरला. आणि आज पुष्कळ जपानी मुलींसही तो दुसऱ्याकडून बांधून घ्यावा लागतो.

हे सारे आम्ही गेल्या रविवारी त्या माउलीस तिच्या ओसरीवर बसून सांगितले. गल्लीतला प्रसंगही लपविला नाही. तिने शांतपणे ऐकून घेतले. मग म्हणाली, "त्या म्हातारीची माफी मागितलीत का, फादर?"

आम्ही मागितली नव्हती. दार बंद झाले होते, भाषा येत नव्हती, ही आमची कारणे. ती तिने ऐकली आणि काही बोलली नाही. थोड्या वेळाने नातीस हाक मारून तिने माळ्यावरची पेटी खाली काढविली. पेटीत तळाशी तिचे लग्नातले शहापुरी लुगडे होते. नातीला ती म्हणाली, "ये, उभी राहा. पाय जरा फाकव. नीट बघ, मी दोनदा दाखवणार नाही."